‘पोटाला भोक पाडलं की माणूस संपला’?

आमच्या नातेवाइकांच्या ग्रुपवर एक मेसेज पुन्हा फिरतोय: ‘पोटाला भोक पाडून नळी घालायची म्हणाले तर नाही सांगा. मोठं ऑपरेशन असतं, नळी जन्माची चिकटते, तोंडाची चव जाते. नाकातली नळीच बरी. म्हाताऱ्यांना तर नकोच.’ ही नळी म्हणजे गिळता न येणाऱ्या रुग्णाला थेट जठरात अन्न देण्याची सोय. मेसेजच्या शेवटच्या वाक्यात थोडं तथ्य आहे. बाकीचं चूक.

मोठं ऑपरेशन? पोट उघडावं लागू नये म्हणूनच तर १९७९ साली अमेरिकेतल्या क्लीव्हलँडमध्ये गॉडरर आणि पोन्स्की या डॉक्टरांनी ही नळी बसवण्याची ‘पेग’ नावाची पद्धत काढली, तीही लहान मुलांसाठी. तोंडातून दुर्बीण जठरात, बाहेरून छोटासा छेद, गुंगीचं औषध, साधारण अर्धा तास. जंतुसंसर्ग, रक्तस्राव हे धोके आहेत, ते डॉक्टरांकडून आधी समजून घ्या.

जन्माची? गिळणं परत आलं की काढतात, आणि भोक सहसा टाके न घालता बुजतं. घरच्यांची खरी धास्ती उलटी असते: नळी चुकून निसटली तर काही तासांतच वाट आकसते, म्हणून लगेच दवाखाना गाठायचा. नळी नुकतीच बसवलेली असेल तर घरी परत खुपसायची नाही, ती पोटाच्या आत पण जठराबाहेर जाऊन बसू शकते.

चवीचं म्हणाल, तर माझ्या काकांना घशाच्या कॅन्सरच्या रेडिएशनमध्ये ही नळी होती. गिळण्याच्या थेरपिस्टने परवानगी दिल्यावर ते रोज दोन चमचे साईचं दही खायचे. बाकी सगळं पोषण नळीतून, डोक्याकडची बाजू उंच करून. नंतर पाणी सोडून नळी धुवायची. हे विसरलं की ती तुंबते, मग काकूंचा पारा चढायचा.

नाकातली नळी काही आठवड्यांपुरती ठीक. पुढे नाक सोलवटतं, घसा खवखवतो, रुग्ण ती उपसून काढतो. महिना-दीड महिन्यापेक्षा जास्त गरज दिसली की पेगचा विचार होतो.

आता म्हाताऱ्यांचं. वय हे कारण नाही, आजार बघायचा. पक्षाघातानंतर गिळणं बऱ्याचदा काही आठवड्यांत सुधारतं, तेव्हा घाई नको. स्मृतिभ्रंश शेवटच्या टप्प्यात असेल, तर नळीने आयुष्य वाढल्याचं दिसत नाही, आणि न्यूमोनियाही टळत नाही, कारण लाळ श्वासनलिकेत जातच राहते. तिथे मऊ भात, सावकाश, हाताने, घेतील तेवढाच.