फडावर गेलेल्या पोरीला फोन कुणी करायचा?

बीडच्या बार्शी नाक्यावर संध्याकाळी सातनंतर आमची बैठक ठरलेली. नाना, मास्तर, वकील आणि मी. महा ई-सेवा केंद्राचं शटर ओढलं की भाई पण येऊन टेकतो. परवा वकिलानं विषय काढला. त्याच्या पुतणीच्या कॉलेजात एका खोलीवर ‘समुपदेशन कक्ष’ अशी नवी पाटी लागली आहे. पोरगी चार दिवस चकरा मारून आली, खोलीला कुलूपच.

नाना लगेच उखडले. “कामून पायजे समुपदेशक? आम्हाला कुणी इचारलं होतं का, बाबा तुला काय व्हायलंय म्हणून? ७२ च्या दुष्काळात शिकलोय आम्ही. गावाकडून एसटीत भाकरीचा डबा यायचा. तेवढ्यावर बीए झालो.”

“आणि डबा आलाच नाही तर?” मी विचारलं.

“नाही आला तर आमचे इतिहासाचे सर घरी न्यायचे. त्यांच्या बायकोला म्हणायचे, ह्येचं बी ताट वाढा.”

“पण डबा आला नाही हे सरांना कळायचं कसं?”

नाना थोडे थांबले. “तोंडावरून वळखायचे की.”

मला नेमकं हेच म्हणायचं होतं. नाना एकटे शिकले नाहीत. डबा सांभाळून आणणारा कंडक्टर होता आणि तोंड ओळखणारे सर होते. त्याला तेव्हा काही नाव नव्हतं, एवढंच. आता नावं आहेत. विद्यार्थी कल्याण होतं, त्याचं विद्यार्थी विकास झालं. २०१६ च्या विद्यापीठ कायद्यात त्याचं मंडळ आहे, कॉलेजात विद्यार्थी विकास अधिकारी आहे. मी सोळा वर्षं एका कॉलेजच्या ऑफिसात शिष्यवृत्तीच्या टेबलावर बसतो. हा अधिकारी म्हणजे बहुतेक वेळा कुणीतरी प्राध्यापकच असतो, शिकवणं, परीक्षा आणि एनएसएस सांभाळून अतिरिक्त कार्यभार वाहणारा. त्याच्याकडं कमवा व शिका योजनेची बिलं करायलाच वेळ नसतो, तोंडं कधी ओळखणार?

वकील नियमांवर आला. यूजीसीच्या, म्हणजे विद्यापीठ अनुदान आयोगाच्या, २०२३ च्या नियमांप्रमाणं प्रत्येक संस्थेत विद्यार्थी तक्रार निवारण समिती आणि विद्यापीठाला लोकपाल बंधनकारक आहे. जुलै २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं विशाखापट्टणमला नीटची तयारी करणाऱ्या एका मुलीच्या मृत्यूच्या प्रकरणात सांगितलं, की शंभर किंवा जास्त विद्यार्थी असतील तिथं एक तरी प्रशिक्षित समुपदेशक, मानसशास्त्रज्ञ किंवा समाजकार्यकर्ता पाहिजे. “कागदावर सगळं हाय,” तो म्हणाला. “मागणारा पायजे.”

“मागून देणार कोण?” मास्तर म्हणाले. ते स्वतः ज्युनियर कॉलेजात शिकवतात, त्यामुळं त्यांचं बोलणं टाळता येत नाही. “शिकवायलाच माणूस नाही. तासिका तत्त्वावरचा पोरगा सकाळी इथं, दुपारी दुसऱ्या गावात. त्याच्या गळ्यात साठ पोरं मेंटॉर म्हणून बांधली. आधी प्राध्यापकांच्या जागा भरा, मग समुपदेशकाचं बघू.”

हे खोटं नाही. पण ‘आधी’ आणि ‘मग’ अशी रांग लावली की ‘मग’ कधी येतच नाही, हे मी माझ्याच टेबलावर पाहिलंय. त्या दिवशी मी त्यांना एका पोरीची गोष्ट सांगितली. आतापर्यंत कुणाला सांगितली नव्हती, कारण त्यात चूक माझी पण आहे.

दुसऱ्या वर्षाची मुलगी. आई-बाप कोयता घेऊन ऊसतोडीला सांगलीकडं गेलेले. तिचा शिष्यवृत्तीचा अर्ज महाडीबीटी या सरकारी पोर्टलवरून माझ्या लॉगिनला आला. उत्पन्नाचा दाखला नीट वाचता येत नव्हता. मी ‘सेंड बॅक’ केला. रोज शेकड्यानं अर्ज बघताना बोट आपोआप तिथं जातं. परत पाठवल्याचा मेसेज गेला बापाच्या मोबाइलवर, कारण अर्जाला नंबर त्याचा. बाप उसाच्या फडात. राहायच्या कोपीत, म्हणजे पाचटाच्या झोपडीत, लाईट नाही, फोन बंद. पोरगी दुरुस्ती करायला भाईच्या केंद्रावर आली तर ओटीपी पुन्हा त्याच नंबरवर.

“मला आठवायलीय ती,” भाई म्हणाला. “तीन दिवस रोज यायची. मी म्हनलं, अब्बाला फोन लाव. लावायची, लागायचा नाही. बाकावर बसून राहायची. चौथ्या दिवशी आलीच नाही.”

मुदत गेली. तिला वाटलं, फीचे पैसे येणार नाहीत म्हणजे नाव कमी झालं. ती पण सांगलीला गेली. परीक्षा फॉर्मच्या शेवटच्या दिवशी खिडकीशी आली, तेव्हा मी तिचे हात बघितले. मनगटापासून कोपरापर्यंत पाचटाचे ओरखडे, काही वाळलेले, काही ताजे. म्हणाली, “सर, फॉर्म भरता येतो का? का नाव काढलं?” नाव कुणीच काढलं नव्हतं. तसं तिला सांगणारं पण कुणी नव्हतं.

त्याच महिन्यात कॉलेजला दर्जा देणाऱ्या नॅकच्या तपासणीची तयारी सुरू होती. सात निकषांपैकी पाचवा विद्यार्थी साहाय्य व प्रगतीचा, त्याच्या फायली लावायचं काम माझ्याकडं. मेंटॉर शिक्षकानं आपल्या पोरांच्या भेटी लिहायच्या रजिस्टरमध्ये तिचं नाव सापडलं. जानेवारीची भेट लिहिलेली होती. समस्येच्या रकान्यात ‘नाही’. पुढं तिची सही. जानेवारीत ती सांगलीकडं ऊस तोडत होती. सही कुणी केली हे मी विचारलं नाही, आणि फाईल लावून टाकली. ते पान अजून डोळ्यापुढून जात नाही.

थोडा वेळ कुणी बोललं नाही. चहावाल्यानं न सांगता पाच कट ठेवले.

मग मास्तरच हळू आवाजात म्हणाले, “सही त्या मेंटॉर मास्तरानंच केली असंल. साठ पानं भरायची होती त्याला.”

“व्हय. त्याला पण दोष देत नाही मी,” मी म्हणालो. “पण तिला समुपदेशक लागला असता का, तर पहिल्यांदा नाही. पहिल्यांदा लागला असता एक फोन. ही पोरगी आठ दिवस आली नाही, का, एवढं विचारणारा. त्यानं तिला बाकावरून उठवून माझ्याकडं आणलं असतं, मी नंबर बदलायची वाट सांगितली असती. मन खचायच्या आधीचं काम आहे हे. आणि ते कुणाचंच नाही.”

वकिलाला हे पटेना. त्याचं म्हणणं, फोन करणारा आणि मनाचं बघणारा ही दोन वेगळी कामं आहेत, एकात घातली तर दोन्ही बुडतील. रात्री दोन वाजता एखादं पोर पंख्याकडं बघत बसलं असेल, त्याला शिष्यवृत्तीचा बाबू काय सांगणार? त्यासाठी टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ आहे, चोवीस तास चालू, निदान तो नंबर तरी प्रत्येक वसतिगृहाच्या भिंतीवर रंगवा. हे मला मान्यच आहे. पण नंबर भिंतीवर असला तरी तो लावून देणारं माणूस जवळ लागतं, असं माझं म्हणणं.

मास्तरांनी मिलिंद कॉलेज काढलं. १९५० मध्ये बाबासाहेबांनी औरंगाबादला कॉलेज सुरू केलं, पुढं नागसेनवनात वसतिगृहं पण उभी राहिली. “खेड्यातलं पोर नुसत्या तासाला येऊन शिकत नाही, त्याला राहायला-खायला जागा लागती, हे त्यांना तेव्हाच कळलं होतं. आपल्याला पाऊणशे वर्षांनी पाटी लावून कुलूप घालायचं सुचायलंय.” आणि तेच मास्तर शेवटी म्हणाले, की जागा भरताना एक जागा या कामाची धरा, शिक्षकाच्या डोक्यावर नको.

पगार कुठून, यावर मात्र घोडं अडलं. अनुदानित कॉलेजात शासन देईल, विनाअनुदानितात संस्था कुठून देणार? वकील म्हणाला, फीमध्ये विद्यार्थी कल्याणाच्या नावानं घेतातच की. मास्तर म्हणाले, त्यात गॅदरिंगचा मांडव पण होत नाही. हे सुटलं नाही, आणि आमच्या कट्ट्यावर सुटणारं पण नाही.

नाना एवढा वेळ गप्प होते. एकदम म्हणाले, “बापाचा फोन बंद असतो. मुकादमाचा कधीच बंद नसतो. त्येला कारखान्याचा फोन येतो.”

मुकादम म्हणजे मजुरांची टोळी कारखान्याला नेणारा. सोळा वर्षांत मला हे सुचलं नव्हतं. प्रवेश अर्जावर बापाचा नंबर, आईचा नंबर, ईमेल सगळं आहे. कुठल्या कारखान्याला गेलेत आणि मुकादम कोण, हा रकाना नाही. ऊसतोडीला जाणाऱ्यांच्या बीड जिल्ह्यातल्या कॉलेजात सुद्धा नाही.

भाई म्हणाला, तो त्याच्या केंद्रावर वहीत लिहून ठेवील. मी म्हणालो, यंदा प्रवेशाच्या वेळी मी पेन्सिलीनं समासात लिहितो, प्राचार्यांना मागाहून सांगतो.

“यादी आण उद्या,” नाना म्हणाले. “धारूर, वडवणीकडचे दहा-बारा मुकादम वळखीचे हायेत मपले. दसऱ्याच्या आत लावू फोन. नंतर गाड्या भरत्यात.”

“नाना, हे काम तुम्ही करायचं?” मास्तर चिडूनच म्हणाले. “पगार घेणारं माणूस पायजे म्हणून तासभर भांडलो ना आपण?”

“तू भांड की. मी काय नको म्हनलं का? तवर मी फोन करतो.”