क्वेकर म्हणे घरात बसले!

क्वेकर म्हणजे सतराव्या शतकात इंग्लंडमध्ये निघालेला, युद्ध न मानणारा ख्रिस्ती पंथ. त्यांच्यावरचा एक मजकूर सध्या सगळीकडे फिरतोय. वर ‘क्वेकर ओट्स’च्या डब्यावरचा टोपीवाला म्हातारा आणि खाली चार आरोप: युद्ध लागलं की क्वेकर घरात बसायचे, त्यांचं शांतताप्रेम म्हणजे राजाच्या धाकाने सुचलेलं शहाणपण, चॉकलेटं विकून त्यांनी माया जमवली, आणि वर गुलामही पाळले. (डब्याचं आधीच उरकतो. त्या कंपनीचा या पंथाशी काडीचाही संबंध नाही. १८७७ साली नाव नोंदवलं, एवढंच.)

घरात बसण्याबद्दल. १९१६ साली ब्रिटनमध्ये सक्तीची लष्करभरती आली. शस्त्र उचलणं मनाला पटत नाही म्हणून सुमारे १६ हजार जणांनी नकार दिला. त्यात क्वेकर होते, समाजवादी होते, इतर पंथांचेही होते. काहींना बळजबरीने फ्रान्सला नेलं, कारण आघाडीवर हुकूम मोडला की गोळ्या घालता येत. हॉवर्ड मार्टेन हा बँकेतला क्वेकर कारकून त्यांतलाच. जूनमध्ये बूलोनजवळ फौजेच्या रांगांसमोर त्याला उभं करून निकाल वाचला: गोळ्या घालून मृत्युदंड. वाचणारा थांबला. मग, सरसेनापती हेग यांनी शिक्षा कायम केली आहे. पुन्हा थांबला. त्यानंतर कुठे कळलं, की शिक्षा बदलून दहा वर्षं सक्तमजुरी केली आहे. अशी शिक्षा एकूण ३५ जणांना झाली.

सगळेच क्वेकर असे अडून बसले होते असंही नाही. लढण्याच्या वयातले साधारण एक तृतीयांश सरळ सैन्यात गेले, आणि पंथाने ते गिळलं. बाकीच्यांतले बरेच क्वेकरांच्या अँब्युलन्स पथकातून आघाडीवर जखमी उचलत होते. दुसऱ्या महायुद्धात हेच पथक पुन्हा उभं राहिलं आणि १९४२ च्या चक्रीवादळानंतर बंगालमध्ये मदतीला उतरलं. त्याचे इथले प्रमुख होरेस अलेक्झांडर १५ ऑगस्ट १९४७ ला कलकत्त्यात गांधीजींसोबत होते.

धाकाच्या मुद्द्यात थोडं तथ्य आहे. सुरुवातीचे कितीतरी क्वेकर राजाविरुद्ध लढलेल्या क्रॉमवेलच्या फौजेतले शिपाई. जानेवारी १६६१ मध्ये लंडनमध्ये एका दुसऱ्याच पंथाने बंड केलं आणि धरपकड झाली ती हजारो क्वेकरांची. तेव्हाच त्यांनी इंग्लंडचा राजा दुसऱ्या चार्ल्सला लिहून दिलं, की आम्ही कोणत्याही कारणासाठी शस्त्र उचलणार नाही. वेळ सोयीची होती, नाही कोण म्हणतो? पण पंथाचा संस्थापक जॉर्ज फॉक्स डार्बीच्या तुरुंगात होता तेव्हा, १६५१ साली, त्याला फौजेत कप्तानपद देऊ केलं होतं. ते त्याने नाकारलं आणि बक्षीस म्हणून चोर-दरोडेखोरांच्या कोठडीत सहाएक महिने काढले. त्या वर्षी लंडनच्या गादीवर राजाच नव्हता. धाक कोणाचा?

चॉकलेटचं म्हणाल तर कॅडबरी, फ्राय, राउंट्री हे क्वेकरच. पण इंग्लंडचं सरकारी चर्च न मानणाऱ्यांना ऑक्सफर्ड-केंब्रिजच्या पदव्या एकोणिसाव्या शतकापर्यंत बंद होत्या. सरकारी पदांना शपथ लागे आणि क्वेकर शपथ घेत नसत. मग उरतं काय, दुकानच.

चौथा आरोप मात्र खरा आहे, आणि तो झाकण्यात अर्थ नाही. अमेरिकेत पेनसिल्व्हेनिया वसवणाऱ्या क्वेकर विल्यम पेनकडे गुलाम होते. तिथल्याच जर्मनटाउनच्या चार जणांनी १६८८ मध्ये याविरुद्ध अर्ज केला, तो पंथाच्या वरच्या सभांनी बासनात गुंडाळला. १७३८ साली बेंजामिन ले नावाचा चारेक फूट उंचीचा कुबडा क्वेकर बर्लिंग्टनच्या सभेत शिरला. अंगरख्याखाली लष्करी कोट आणि तलवार, हातात पोखरलेलं पुस्तक, आत लालभडक रसाची पिशवी. भर सभेत त्याने पुस्तकात तलवार खुपसली आणि गुलाम बाळगणाऱ्या क्वेकरांवर तो ‘रक्ता’चा शिडकावा केला. त्यांनी त्याला उचलून बाहेर टाकलं, पंथातूनही काढलं. गुलामांची खरेदी-विक्री करणाऱ्यांवर पंथाने कारवाई ठरवली ती १७५८ मध्ये, ले मरायच्या काही महिने आधी. गुलाम ठेवायलाच फिलाडेल्फियाच्या वार्षिक सभेने बंदी घातली, त्याला १७७६ उजाडलं.