‘औषधंच नव्हती, मग शास्त्र कसलं?’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. तुमची प्रतिक्रिया चिडून लिहिलेली असली तरी मन लावून लिहिलेली आहे, त्यामुळे ‘धन्यवाद, मतभेद राहू देत’ म्हणून ती उरकावीशी वाटली नाही. ज्यांनी ती वाचलेली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. एकोणिसाव्या शतकात पॅरिस, व्हिएन्ना, बर्लिन आणि शेवटी अमेरिकेतल्या बाल्टिमोर (जॉन्स हॉपकिन्स) इथे वैद्यक शास्त्रीय होत गेलं, असं मी मागच्या लेखात म्हटलं होतं. त्यावर तुमचे तीन आक्षेप आहेत. एक, १९३५ पर्यंत डॉक्टरांकडे कामाचं औषधच नव्हतं, आयुर्मान वाढलं ते अन्नाने आणि स्वच्छ पाण्याने, मग शास्त्राचा टेंभा कशाला मिरवायचा? दोन, हे सगळं गरिबांच्या प्रेतांवर उभं राहिलं आणि लेखात त्याला जेमतेम एक वाक्य मिळालं. तीन, अमेरिकेतल्या वैद्यकीय कॉलेजांची पाहणी करणारा १९१०चा फ्लेक्सनर अहवाल म्हणजे होमिओपॅथी आणि इतर पद्धती संपवायला रॉकफेलरने रचलेला डाव.

पहिल्या आक्षेपातली वस्तुस्थिती बरीचशी खरी आहे. इंग्लंडमध्ये क्षयाने होणारे मृत्यू स्ट्रेप्टोमायसिन हे क्षयावरचं औषध यायच्या कितीतरी आधीपासून घटत आले होते. थॉमस मॅकिऑन या ब्रिटिश डॉक्टरने त्यातून काढलेल्या निष्कर्षांवर वाद चालू आहेत, पण ती उतरती रेघ कुणी नाकारत नाही. ‘काहीच नव्हतं’ हे मात्र जरा जास्तच झालं. देवीची लस १७९६ची, घटसर्पावरचं अँटिटॉक्सिन १८९४ पासून रुग्णालयांत मिळू लागलं, इन्शुलिन १९२२चं. असो, यादी वाढवून काही सिद्ध होत नाही.

माझा मतभेद दुसरीकडे आहे. हातात गुणकारी औषध असणं म्हणजे शास्त्र, असं तुम्ही धरून चालला आहात. सिंकोनाची साल तर सतराव्या शतकापासून हिवतापावर लागू पडत होती, पण तिने वैद्यक शास्त्रीय झालं नाही. त्याच डॉक्टरच्या पेटीत पारा होता आणि जळवाही होत्या, आणि यातलं काय लागू पडतं, काय पडत नाही, हे ठरवायची रीत कुणाकडे नव्हती. रोगी उठला की श्रेय उपचाराला, दगावला की दोष उशिरा बोलावणाऱ्यांना. ती रीत घडली नव्या औषधांच्या आधी, आणि तिचं पहिलं मोठं काम होतं चालू उपचार मोडीत काढणं.

पिएर लुईचं उदाहरण घ्या. हा फ्रेंच डॉक्टर ओडेसात वैद्यकी करत होता. तिथे घटसर्पाची साथ आली, मुलं डोळ्यांदेखत जात होती आणि शिकलेल्यातलं काहीही उपयोगी पडत नव्हतं. पॅरिसला परतल्यावर त्याने प्रॅक्टिस बाजूला ठेवली आणि ला शारिते रुग्णालयात वर्षानुवर्षं खाटांपाशी नुसती टिपणं काढली. दुखणं कधी सुरू झालं, रक्त कितव्या दिवशी काढलं, रोगी कधी उठला किंवा गेला, गेला असेल तर शवविच्छेदनात काय दिसलं. तेव्हा पॅरिसवर ब्रूसे या डॉक्टरचा दरारा होता. बहुतेक दुखण्यांचं मूळ जठर-आतड्यांच्या दाहात आणि दाहावर उतारा जळवांचा, हे त्याचं म्हणणं. एकट्या १८३३ साली फ्रान्सने चार कोटींहून जास्त जळवा बाहेरून मागवल्या! लुईने न्यूमोनियाचे ७७ रोगी तपासले. पहिल्या चार दिवसांत ज्यांचं रक्त काढलं असे ४१, त्यातले १८ गेले. पाचव्या ते नवव्या दिवसादरम्यान ज्यांचं काढलं असे ३६, त्यातले ९ गेले. म्हणजे वेळेवर इलाज झालेल्यांत शेकडा ४४ मृत्यू, उशिरा झालेल्यांत शेकडा २५.

यात खोट काढणं सोपं आहे. आकडे लहान आहेत. लवकर रक्त काढलेले मुळात जास्त अत्यवस्थ असतील. रक्त अजिबात न काढलेला गटच नाही. खुद्द लुईनेही ‘रक्त काढणं बंद करा’ असं म्हटलं नाही, त्याचा परिणाम लोक समजतात त्याहून फार थोडा आहे, एवढंच म्हटलं. पण आपण आज ही खोट काढू शकतो, कारण त्याने आकडे मांडून ठेवले. ब्रूसेची खोट काढणार कशी? पुढे अशाच खोटी काढत काढत १९४८ची स्ट्रेप्टोमायसिनची चाचणी आली. कोणाला औषध द्यायचं हे डॉक्टरच्या मर्जीवर न ठेवता बंद पाकिटांतल्या चिठ्ठ्यांनी ठरवलं. सहा महिन्यांत औषध मिळालेल्या ५५ पैकी ४ गेले, नुसती विश्रांती मिळालेल्या ५२ पैकी १४. लुईचीच वही, फक्त तिच्यातली भोकं बुजवलेली.

शिक्षणाचा संबंध इथेच येतो. क्रांतीनंतर १७९४ मध्ये पॅरिस, मॉंपेलिए आणि स्ट्रासबूर इथे नव्या शाळा निघाल्या, तेव्हाच वैद्यक आणि शल्यचिकित्सा एकत्र शिकवायची आणि ती रुग्णालयात शिकवायची, असं ठरलं. थोडं वाचा, पुष्कळ बघा, पुष्कळ करा, हे फूर्क्रॉय या रसायनशास्त्रज्ञाचं सूत्र. त्यामुळे लुईच्या मागोमाग वॉर्डातून फिरायला परदेशातून विद्यार्थी येत. त्यातलाच एक बोस्टनचा ऑलिव्हर वेंडेल होम्स. बाळंतिणींचा जीव घेणारा सूतिकाज्वर डॉक्टर आणि सुईणीच एकीकडून दुसरीकडे नेतात, असं त्याने १८४३ मध्ये लिहिलं. १८६० मध्ये तर तो म्हणाला की, मोजके अपवाद सोडून सगळी औषधं समुद्रात बुडवली तर माणसांचं भलं होईल, वाईट होईल ते माशांचं. तुम्ही आज जे म्हणताय ते होम्स तेव्हाच म्हणून गेला, आणि तेही हार्वर्डमध्ये शरीररचना शिकवत असताना. आपली औषधं कुचकामी आहेत हे डॉक्टरानेच चारचौघांत सांगावं, यालाच मी शास्त्र म्हणतो.

आता स्वच्छ पाण्याबद्दल. पाणी स्वच्छ हवं हे कळलं कसं? १८५४च्या पटकीच्या साथीत जॉन स्नो या डॉक्टरने लंडनमध्ये घरोघरच्या मृत्यूंची नोंद घेतली आणि त्या घराला पाणी कोणत्या कंपनीचं ते शोधलं. शहराची घाण मिसळते तिथून थेम्स नदीचं पाणी उचलणाऱ्या कंपनीच्या दर दहा हजार घरांमागे ३१५ मृत्यू, नदीच्या वरच्या अंगाने पाणी घेणाऱ्या कंपनीच्या घरांत ३७. म्हणजे पाण्याचं श्रेय वैद्यकापासून तोडून वेगळं काढताच येत नाही. (लंडनची मोठी गटारं मात्र बरीचशी दुर्गंधीच्या भीतीपोटी बांधली गेली. चुकीच्या कारणासाठी बरोबर काम, असंही होतं.)

दुसऱ्या आक्षेपावर वाद घालण्यासारखं काही नाही. पॅरिसच्या मोठ्या रुग्णालयांत गरीबच जायचे, पैसेवाल्याकडे डॉक्टर घरी यायचा. गरिबाला खाट मिळायची, त्या बदल्यात तो जिवंतपणी विद्यार्थ्यांचा आणि मेल्यावर विच्छेदनाच्या टेबलाचा. एडिंबरामध्ये १८२८ साली बर्क आणि हेअर या दोघांनी प्रेतं विकण्यासाठी सोळा खून केले. त्यानंतर १८३२ मध्ये ब्रिटिश संसदेने कायदा करून ज्यांच्या प्रेतावर कुणी हक्क सांगत नाही अशांचे देह वैद्यकीय शाळांना देऊ केले. त्याआधी विच्छेदन ही फाशी गेलेल्या खुन्यांची जादा शिक्षा होती, आता ती बेवारस गरिबांच्या वाट्याला आली.

खरं तर तुमच्या बाजूचा सगळ्यात जोरदार पुरावा तुम्ही वापरलाच नाहीत. व्हिएन्नाच्या मोठ्या रुग्णालयात बाळंतपणाचे दोन विभाग होते, एकात सुईणी शिकत, दुसऱ्यात वैद्यकाचे विद्यार्थी. १८४६ मध्ये सुईणींकडे शेकडा २.८ बाळंतिणी दगावल्या, विद्यार्थ्यांकडे ११.४. विद्यार्थी सकाळी प्रेतं फाडून त्याच हातांनी बायकांना तपासायला येत. म्हणजे मी ज्या नव्या शिक्षणाचं कौतुक करतोय त्यानेच त्या बायका मारल्या. त्यांना हे कळायला तक्ते लागले नाहीत. पहिल्या विभागात घालू नका म्हणून त्या गुडघे टेकून विनवत असत. तिथल्या इग्नाझ झेमेलवाइस या डॉक्टरने मे १८४७ पासून क्लोरीनच्या पाण्याने हात धुणं सक्तीचं केलं आणि एप्रिलमध्ये शेकडा १८च्या वर असलेला आकडा जूनमध्ये दोनच्या आसपास आला. तरी बडी मंडळी ऐकेनात. तक्ता समोर असूनही न ऐकणारे डॉक्टर होते, हे मी झाकत नाही. पण दोन विभागांची वेगवेगळी नोंद ठेवली जात नसती तर झेमेलवाइसच्या हातात दाखवायला काय असतं?

तिसरा आक्षेप सध्या फॉरवर्ड होऊन सगळीकडे फिरतोय, म्हणून एकेक करून बघू. अहवाल कार्नेगी फाउंडेशनने करवून घेतला होता, रॉकफेलरने नाही. एब्राहम फ्लेक्सनर डॉक्टर नव्हता, शाळामास्तर होता. रॉकफेलरच्या संस्थांचा मोठा पैसा वैद्यकीय कॉलेजांकडे वळला तो अहवालानंतर, आणि त्या कामात पुढे फ्लेक्सनर होता, हे खरं आहे. पण जॉन डी. रॉकफेलर स्वतः होमिओपॅथीचा पक्का भक्त, त्याचा डॉक्टरही होमिओपॅथ. त्याचा सल्लागार फ्रेडरिक गेट्स याने १८९७ मध्ये विल्यम ऑस्लर या नामांकित डॉक्टरचं वैद्यकाचं पाठ्यपुस्तक वाचलं आणि किती थोड्या रोगांवर इलाज आहे हे त्यात वाचून तो हादरला. संशोधनाला पैसा द्यायला हवा, हे त्याच्या मनाने तिथे घेतलं.

संपवलेल्या कॉलेजांची अवस्था काय होती तेही बघा. एकोणिसाव्या शतकात अमेरिकेत चार-चार महिन्यांची दोन सत्रं असत, आणि दुसऱ्या सत्रात पहिल्याच सत्राची व्याख्यानं पुन्हा. फी थेट प्राध्यापकांच्या खिशात, मग नापास कोण करणार? हार्वर्डमध्ये सुद्धा नऊ विषयांपैकी पाचांत तोंडी उत्तरं दिली की पदवी मिळायची. अध्यक्ष एलियटने लेखी परीक्षा आणायचं म्हटलं तेव्हा बिगेलो या शल्यचिकित्सेच्या प्राध्यापकाने हरकत घेतली की निम्म्याहून जास्त विद्यार्थ्यांना धड लिहिताच येत नाही! फ्लेक्सनरने आत्मचरित्रात डे मॉइनमधल्या एका ऑस्टिओपॅथी (हाडं-सांधे हाताने दाबून उपचार करण्याची पद्धत) कॉलेजचा किस्सा सांगितला आहे. दारांवर ‘शरीररचना’, ‘शरीरक्रिया’ अशा पाट्या, पण सगळ्या दारांना कुलपं आणि किल्ल्या सापडेनात. डीन स्टेशनपर्यंत पोचवायला आला. तो वळल्यावर फ्लेक्सनर परत आला, शिपायाच्या हातावर पैसे ठेवले आणि दारं उघडून घेतली. आत काय, तर बाकं आणि फळा. अशा जागा बंद पडायला कारस्थान लागत नाही. १९०४ मध्ये अमेरिकेत १६० वैद्यकीय कॉलेजं होती, १९२० मध्ये ८५ राहिली, आणि ही घट अहवालाच्या आधीच सुरू झाली होती.

फ्लेक्सनरवर राग काढायचाच असेल तर रॉकफेलर सोडा आणि त्या अहवालातलं कृष्णवर्णीयांच्या वैद्यकीय शिक्षणावरचं जेमतेम दोन पानांचं प्रकरण काढून वाचा. तेव्हा त्यांची सात कॉलेजं होती. त्यातली वॉशिंग्टनचं हॉवर्ड आणि नॅशव्हिलचं मेहॅरी ही दोनच ठेवण्याजोगी, असा त्याचा शेरा. काळ्या डॉक्टरांनी मुख्यतः आरोग्य-स्वच्छतेचं काम करावं, आणि त्यांच्या वस्तीतले रोग गोऱ्यांपर्यंत पोचतात म्हणून तरी त्यांना नीट शिकवावं, हा त्याचा युक्तिवाद. पुढच्या काही वर्षांत उरलेली पाचही बंद पडली. गोऱ्यांच्या बहुतेक कॉलेजांची दारं काळ्या मुलांना बंदच होती, आणि ते नुकसान लवकर भरून निघालं नाही.