हामानचे कान आणि माझं नाक

शेजाऱ्याने दिलेला खाऊ नको असेल तर तोंडावर नको म्हणावं माणसाने, एवढंच माझं म्हणणं आहे. "सॉरी, आम्हाला चालत नाही" असं दारातच सांगितलं असतं तर मी काय तिथे फतकल मारून रडणार होतो का? पण नाही. हसून घ्यायचं, छातीवर हात ठेवून आभार मानायचे, आणि मग... जाऊ दे, क्रमानेच सांगतो, नाहीतर वाटेल की हा उगाच चिडलाय. चिडलोय मी, पण उगाच नाही.

आम्ही सध्या इस्राएलमध्ये रेहोवोतला राहतो. बायको पोस्टडॉक करते आणि मी घरून काम करतो, म्हणजे कपडे वाळत घालतो आणि मधूनमधून मीटिंगा करतो. परवा इथे पुरीम होता. पर्शियाच्या राजाचा वजीर हामान, त्याने राज्यातल्या सगळ्या ज्यूंना मारायचा घाट घातला, एस्तेर राणीने तो हाणून पाडला आणि हामान स्वतःच फासावर गेला, अशी गोष्ट. म्हणून ज्यू पंचांगातल्या अदार महिन्याच्या १४ तारखेला लोक सोंगं घेऊन फिरतात, सिनेगॉगमध्ये, म्हणजे त्यांच्या प्रार्थनागृहात, एस्तेरची पोथी वाचताना हामानचं नाव आलं की पोरं खुळखुळे वाजवून ते ऐकूच येऊ देत नाहीत, मोठी माणसं धर्माज्ञा म्हणून पितात (इथपर्यंत मला हा सण अतिशय पटलेला होता), आणि एकमेकांकडे खाऊ पाठवतात. त्याचाही नियम आहे, निदान एका माणसाला, निदान दोन प्रकारचा, आणि लगेच तोंडात टाकता येईल असा. त्याच नियमाने सकाळी चौथ्या मजल्यावरची धाकटी पोरगी एस्तेर राणीच्या झग्यात आली आणि आमच्या दारात टोपली ठेवून पळाली. आत द्राक्षाच्या रसाची छोटी बाटली, वेफर, गोळ्या आणि दुकानातले दोन हामानचे कान. इथे त्या बिस्किटाला कानच म्हणतात, तिकोनी असतं आणि आत खसखशीचं सारण.

आता टोपली रिकामी कशी परत करणार? माझ्या आईने जन्मभर शेजाऱ्यांच्या वाट्या परत देताना काही नाही तर चमचाभर साखर घालून दिलीय. बायको लॅबला निघता निघता म्हणाली, खालच्या दुकानातलं चॉकलेट टाक आणि मोकळा हो. पण दुकानातलं काय कोणीही देतं.

बरं बिस्किट दिसायला सोपं आहे हो. मैदा, लोणी, पिठीसाखर, एक अंडं, संत्र्याची किसलेली साल आणि रस. मळून तासभर फ्रिजमध्ये, मग लाटून ग्लासाने गोल पाडायचे, मध्ये चमचाभर सारण आणि तीन बाजूंनी चिमटून त्रिकोण. इथली खसखस आपल्यासारखी पांढरी नसते, निळसर काळी असते, कोपऱ्यावरचा मसालेवाला समोर दळून देतो, ती दूध साखर मध घालून आटवायची. अनारशाची पांढरी खसखस बघत वाढलेल्या माणसाला ते पातेलं बघून वाटतं की आपण काहीतरी जाळलं. चव मात्र फर्स्ट क्लास.

पहिला ट्रे १८० डिग्रीवर आत सरकवला आणि मी काचेसमोर स्टूल घेऊन बसलो. पाचेक मिनिटांत एकाचा एक कोपरा सुटला, मग शेजारच्याचा, आणि बघता बघता सगळे त्रिकोण आळस दिल्यासारखे पसरून आडवे झाले. सारण ट्रेवर. याचं कारण असं की लोणी वितळलं की चिमटा धरून ठेवायला पिठात काही उरत नाही, सारण खालून उकळून ढकलत असतं, आणि बेकिंग पावडर असली तर बघायलाच नको. उपाय म्हणजे भरलेले त्रिकोण आधी फ्रीजरमध्ये दगडासारखे घट्ट करायचे आणि मग ओव्हनमध्ये टाकायचे. हे कुठल्याही रेसिपीत शेवटच्या ओळीत असतं, तोवर माणूस ट्रे घालून मोकळा झालेला असतो, या रेसिपी लिहिणाऱ्यांना काही... असो. दुसरा ट्रे जमला. कान म्हणता येतील इतपत जमला. त्यातले देखणे निवडून टोपलीत रुमाल घालून रचले, सोबत दोन केळी ठेवली (दोन प्रकार हवेत ना) आणि सूर्यास्ताच्या आत चौथ्या मजल्यावर गेलो.

दार उघडलं पांडाने.

म्हणजे त्या घरातला कर्ता माणूसच, पण पायापासून डोक्यापर्यंत पांडा, फक्त हनुवटीच्या खालून खरी दाढी बाहेर आलेली. एरवी काळा कोट, पांढरा शर्ट, लिफ्टमध्ये मान हलवण्यापलीकडे संबंध नाही. त्याने दोन्ही पंजांनी टोपली घेतली, आत डोकावला, "तोडा राबा, तोडा राबा" (हिब्रूत खूप खूप आभार) म्हणाला आणि पंजा छातीवर ठेवला. मीही भारावून पांडाला वाकून नमस्कार केला. वर म्हणतो काय, "फार सुंदर दिसतायत!" दिसतायत. नंतर विचार केला तेव्हा लक्षात आलं, शब्द कसा मोजून वापरला होता बघा.

तर काल सकाळी मी कचरा टाकायला खाली गेलो. आमच्याकडे डब्यांच्या बाजूला एक हूक आहे. इथले लोक शिळा पाव कचऱ्यात टाकत नाहीत, पिशवीत घालून बाजूला लटकवतात, कोणीतरी जनावरांसाठी नेतं. चांगली पद्धत आहे, आल्या आल्या मी त्याचा फोटो काढून आईला पाठवलेला. त्या हुकावर काल तीन पिशव्या होत्या, दोन पावाच्या आणि एक माझी. पारदर्शक पिशवी, वर नीट गाठ, आत माझे कान. सगळे. एकही कमी नाही. केळी मात्र नव्हती, केळी ठेवून घेतली. आणि खाली एक बोका बसलेला, त्याने पिशवीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि पावाच्या पिशवीखाली जाऊन बसला.

"काय रे, कचऱ्याकडं काय बघत उभा? काय पडलं तुझं?"

तळमजल्यावरच्या मावशी. मूळच्या अलिबागच्या, इस्राएल आळीतल्या, बेने इस्राएल, म्हणजे आपल्या कोकणातल्या मराठी बोलणाऱ्या ज्यू. साठच्या दशकात आईबापांबरोबर इथे आल्या, जन्मभर हॉस्पिटलात नर्स होत्या, आणि त्यांची मराठी अजून त्या वेळच्या अलिबागेतच आहे, मधूनमधून हिब्रू पेरलेली. मी म्हटलं, मावशी, ही माझी बिस्किटं आहेत. त्यांनी चश्मा कपाळावरून नाकावर घेतला, पिशवी हुकावरून उतरवली आणि उजेडाकडे धरली.

"कोणी केली?"

"मी."

"हात भाजलेला काय तुझा?"

"मावशी!"

"नाही, विचारते. चौथ्यावाल्यांना दिली होतीस? नू, मग बरोबर."

"काय बरोबर? मैदा इथला, लोणी इथलं, अंडी इथली. सगळ्यावर रब्बींचा शिक्का आहे, पाकिटं अजून घरात आहेत, आणून दाखवू?" (रब्बी म्हणजे ज्यूंचे धर्मगुरू, त्यांचा शिक्का म्हणजे धर्माला चालतं.)

"पाकिटाला काय करायचंय? भट्टी कोणाची?"

"आमचा ओव्हन."

"आदल्या दिवशी काय भाजलंस त्यात?"

आता इथे मला कळायला लागलं की प्रश्न कुठे चाललेत. पण नर्सला खोटं सांगता येत नाही, त्यांची विचारायची पद्धतच तशी असते.

"तंदुरी चिकन."

"दही लावून का न लावता?"

मी गप्प.

"अरे, दही लावून का न लावता?"

"तंदुरीला दही लागतंच मावशी."

"नुसतं वरून लावलंस?"

"...रात्रभर मुरवलं."

"अगो बाई," म्हणून मावशींनी डोळे मिटले आणि पिशवी पुन्हा हुकाला अडकवली. माझ्यासमोर. गाठ सुद्धा जरा घट्ट केली.

मग भर उन्हात डब्यांच्या शेजारी माझी शिकवणी. दूध आणि मांस एकत्र चालत नाही हे मला माहीत होतं, पण मला वाटायचं तो ताटातला प्रश्न आहे. तसं नाही. भांडी वेगळी, चमचे वेगळे, धुवायचं सिंक वेगळं, मटण खाल्लं की कित्येक घरांत सहा तास दुधाचा चहा नाही. आणि ज्या ओव्हनमध्ये दह्यातली कोंबडी शेकली तो ओव्हनच गेला, त्यात मग शिक्क्याचा मैदा घाला नाहीतर सोन्याचा. "म्हणून तर आमच्या मटणात नारळाचा रस," मावशी म्हणाल्या, "आमच्या आज्यांना काय दही मिळत नव्हतं काय अलिबागेत?" याला माझ्याकडे उत्तर नव्हतं, आणि तोंडाला पाणी सुटलं ते वेगळंच.

"पण मग दारात सांगायचं ना!"

"कसं सांगणार? तू एवढा दात काढून गेलास. सणासुदीला दारात आलेल्याला नको म्हणायचं?"

"म्हणून कचऱ्यात टाकायचं?"

"कचऱ्यात कुठं टाकलंय? हुकाला लावलंय. हूक वेगळा, डबा वेगळा. डब्यात टाकलं असतं तर मीच जाऊन भांडले असते त्यांच्याशी. तुझा मान राखला त्यांनी."

हा मान ऐकून मला काय बोलावं सुचेना. मी म्हटलं बरं, ते फार धार्मिक, पण तुम्ही तर आपल्या ना, तुम्ही घ्या एक. मावशी पिशवीकडे बघायला लागल्या. बराच वेळ बघितलं.

"मला शुगर आहे रे."

या बाई माझ्या डोळ्यांदेखत चहात दोन चमचे साखर घालतात आणि चव बघून तिसरा.

खरं सांगू, त्या वेळी मला आमच्या गावच्या घराची खिडकी आठवली. आजीचं सोवळं कडक, आणि भांडी घासायला येणाऱ्या बाईंचा चहाचा कप त्या खिडकीत वेगळा, कान तुटलेला. आजी त्यांच्याशी अतिशय गोड बोलायची, मुलांची चौकशी करायची आणि चहा वरून ओतायची. त्यांनी संक्रांतीला दिलेला तिळगूळ आजी हसून घ्यायची आणि तो कुठे जायचा हे आम्हा पोरांना माहीत होतं. तो कप अजून आहे बऱ्याच घरांत, आता स्टीलचा झालाय आणि त्याला हायजिन म्हणतात. हे आठवल्यावर माझ्या रागातली मजाच गेली. आता कोणी म्हणेल की इथे प्रश्न माझ्या ओव्हनचा होता, माझ्या जन्माचा नव्हता, आणि ते खरंच आहे, केळी ठेवून घेतलीच की त्यांनी. तरीपण. एस्तेरच्या पोथीत पहिल्याच वाक्यात त्या राजाचं राज्य हिंदुस्थानापासून आफ्रिकेतल्या कूशपर्यंत १२७ प्रांतांचं होतं असं लिहिलंय. म्हणजे गोष्टीत आम्ही पहिल्या वाक्यापासून आहोत, फक्त बिस्किटं बाहेर.

हे मी मावशींना बोलून दाखवलं तर त्या म्हणाल्या, "पण तुला बिस्कुटं करायला सांगितली कोणी? हे कान-बिन सगळं युरोपवाल्यांचं. आम्हाला कुठं माहीत होतं? आमच्याकडं पुरीमला होळीचा सण म्हणायचे. पुरणपोळी! एकाच पुनवेला तुमची होळी आणि आमचा पुरीम, आळीत सगळीकडं पुरणाचा वास, कोण कुठल्या देवाचं शिजवतंय पत्ता नाही." मी घरी येऊन बघितलं, खरंच आहे. दोघांची पंचांगं चंद्राची, दोघांनाही अधिक महिना घालून सूर्याची गाठ घालावी लागते, १९ वर्षांत सात वेळा, त्यामुळे अदारची पौर्णिमा आणि फाल्गुनातली पौर्णिमा बहुतेक वर्षी एकच पडते. म्हणजे मी परवा मुकाट्याने घरात बसून पोळ्या लाटल्या असत्या तर सणही झाला असता, आणि पोळ्या आम्हीच खाल्ल्या असत्या.

फ्रीजरमध्ये उरलेले कान बायको आज लॅबमध्ये घेऊन गेली. तिथे धर्मबिर्म कोणी पाळत नाही, अकरा वाजायच्या आत डबा साफ. एकाने फक्त विचारलं म्हणे की सामोसे गोड का आहेत.

आणि काल निघताना मावशींनी मला पुन्हा हाक मारली होती.

"महिन्यानं आमचा पेसाखचा सण येतोय. तेव्हा मैदा घरात सुद्धा चालत नाही. माझी भट्टी धुऊनपुसून झाली की नारळाची बिस्कुटं करू. खोबरं, साखर, अंड्याचा पांढरा, बस्स. तू खोबरं खवायला ये."

"मी चालतो का तुमच्या किचनमध्ये?"

"तू चालतोस. तुझी भांडी नाही चालत. आणि भट्टीचं बटण मी दाबणार, तू हात लावायचा नाही. येताना नखं कापून ये. झाली की चौथ्यावाल्यांना मीच नेऊन देईन, सांगेन मी केली म्हणून."

"म्हणजे खोबरं मी खवणार आणि नाव तुमचं?"

"मग काय तुझं सांगू? परत हुकावर जातील."