रोही आडवा आला की गाडी दामटा म्हणे!

आमच्या मामांनी घरच्या ग्रुपवर टाकलेला निरोप तुमच्याकडेही येऊन गेला असेल. "रात्री हरीण किंवा रोही (म्हणजे नीलगाय) आडवा आला तर ब्रेक मारू नका, बोनेट खाली जातं आणि जनावर काचेवर येतं. उलट वेग वाढवा, नाहीतर स्टिअरिंग वळवून निसटा. बंपरला शिट्टी बसवा. जंगलाची पाटी संपली की धोका संपला. धडकलंच तर थांबू नका, वनखात्याचं झेंगट मागे लागतं." खाली हात जोडलेले दोन इमोजी. मामा, रागावू नका, पण यातलं एक अर्धं वाक्य सोडलं तर बाकीचं माणूस मारणारं आहे.

ते अर्धं वाक्य आधी. जोरात ब्रेक मारला की गाडीचं नाक खाली जातं, हे खरं. सांबर आणि रोही उंच असतात, पाय बंपरला लागतात आणि धड काचेकडे येतं, हेही खरं. पण म्हणून वेग वाढवायचा? धडकेची ऊर्जा वेगाच्या वर्गाने वाढते. ६० वरून ८० वर गेलात की ती पावणेदोन पट होते. मोठ्या नर रोहीचं वजन दोनशे किलोच्या पुढे जातं. नाक दोन-चार इंच वर राहिलं म्हणून एवढं धड काय गाडीखालून जाणार आहे?

त्यापेक्षा अंतराचा हिशेब करा. ८० च्या वेगाला गाडी सेकंदाला २२ मीटर धावते. जनावर दिसून पाय ब्रेकवर पडेपर्यंत दीड सेकंद धरला तर ३३ मीटर तिथेच संपले. कोरड्या डांबरावर थांबायला आणखी ३५ च्या आसपास. झाले जवळजवळ ७०. डिप्परचा उजेड मात्र साधारण ४०-५० मीटरच्या पुढे फारसा कामाचा नसतो. म्हणजे डिप्परवर ८० ने जाणारा माणूस न दिसणाऱ्या रस्त्यावर गाडी चालवत असतो. ६० ला हेच अंतर ४५ वर येतं. समोरून कोणी येत नसेल तेव्हा अप्पर लावा, आणि जनावर उजेडात थिजून उभं राहिलं तर वेग कमी करून डिप्परवर या, हॉर्नचा एखादा तुटक आवाज द्या.

आणि ब्रेक मारायचाच, पूर्ण दाबून, स्टिअरिंग सरळ धरून. एप्रिल २०१९ पासून विकल्या जाणाऱ्या नव्या गाड्यांत एबीएस, म्हणजे जोरात ब्रेक मारला तरी चाकं जाम होऊ न देणारी यंत्रणा, सक्तीचं आहे. पाय थरथरला तरी काढू नका, ती थरथर एबीएसचीच असते. वळवून निसटायला गेलात तर पलीकडून ट्रक असतो किंवा कडेला जुनं चिंचेचं झाड. चितळ ४०-५० किलोचं, चिंच हलत नाही. शिवाय घाबरलेलं हरीण कुठे उडी मारेल हे त्यालाही माहीत नसतं, तुम्ही वळाल त्याच बाजूला तेही येतं. एक गेलं म्हणून लगेच वेग घेऊ नका. चितळं कळपाने फिरतात, मागचं दुसरं अजून झुडपात असतं.

वाऱ्याने वाजून जनावरं पळवते म्हणतात त्या शिट्टीबद्दल फार बोलायला नको. अमेरिकेत जॉर्जिया विद्यापीठाच्या संशोधकांनी रस्त्याकडेच्या हरणांना चालत्या गाडीतून वेगवेगळ्या पट्ट्यांतले आवाज ऐकवून पाहिले, धडक टळावी असा बदल त्यांच्या वागण्यात दिसला नाही. त्या पैशांत हेडलाइटच्या काचा पुसून घ्या.

पाटीचं म्हणाल तर रोही पाटी वाचत नाही. विदर्भात तो तूर-हरभऱ्याच्या शेतात असतो, सोलापूरकडे नान्नजच्या माळावर आणि कर्जत तालुक्यात रेहेकुरीला काळवीट. (जीवशास्त्र सांगतं की रोही आणि काळवीट हरणं नव्हेत, कुरंग आहेत. बंपरला तो फरक कळत नाही.) नागपूर-शिवनी रस्त्यावर, पेंच व्याघ्र प्रकल्पाच्या पट्ट्यात, महामार्ग उचलून नऊ ठिकाणी जनावरांना खालून वाट दिली आहे. त्यातली सर्वांत लांब वाट ७५० मीटरची. तिथल्या कॅमेऱ्यांत चितळंच नव्हे, वाघही खालून जाताना टिपले गेले. पण अशा वाटा मोजक्या. बाकी ठिकाणी संध्याकाळ आणि पहाट, या दोन वेळा जपायच्या.

राहिलं न थांबण्याचं. मामांना वाटतं तशी भीती अगदीच खोटी नाही. अभयारण्यातून बेफाम गाडी हाकून जनावर मारलं तर गुन्हा नोंदतात, गाडीही जप्त होऊ शकते. पण पळालेल्याची फुटलेली बंपर रस्त्यात आणि नंबर टोलनाक्याच्या कॅमेऱ्यात राहतो. गाडी कडेला घ्या, चारही इंडिकेटर लावा, सगळ्यांना रस्त्यापासून दूर उभं करा. कोणाला लागलं असेल तर आधी ११२. जनावरासाठी वनविभागाची हेल्पलाइन १९२६. राष्ट्रीय महामार्गावर असाल तर १०३३ ही चालतो.

जखमी हरणाला हात लावू नका, पाणीही पाजू नका. ते लाथा आणि शिंगं मारतं, आणि माणसाच्या धरपकडीच्या धसक्यानेच कधी कधी मरतं. मेलेलं असेल तर ते वन्यजीव कायद्याच्या कलम ३९ नुसार सरकारची मालमत्ता. "वाया कशाला घालवायचं" म्हणत डिक्कीत टाकणारे महाभाग मी पाहिले आहेत. तिथे अपघात संपतो आणि गुन्हा सुरू होतो.

गाडी हलवण्याआधी फोटो काढा. नुसता थर्ड पार्टी विमा असेल तर गाडीचा खर्च तुमचाच. फुल असेल तर मिळतो, आणि तेव्हा वनरक्षकाने केलेला पंचनामाच हाताशी लागतो.