सहा की नऊ? अनेकांतवादाला यात ओढू नका

महावीर जयंती जवळ आली की एक चित्र हमखास फिरतं. जमिनीवर भला मोठा इंग्रजी सहाचा आकडा, दोन्ही टोकांना एकेक माणूस. एक म्हणतो सहा, दुसरा म्हणतो नऊ. खालचा मजकूर साधारण असा: दोघंही बरोबर, कारण प्रत्येकाचं सत्य वेगळं, हाच जैनांचा अनेकांतवाद. महावीरांनी तो हत्ती आणि आंधळ्यांच्या गोष्टीतून सांगितला. ‘स्यात्’ म्हणजे ‘कदाचित’, म्हणून जैन कुणालाच चूक म्हणत नाहीत. आणि आइन्स्टाइनने पुढे हेच सिद्ध केलं.

यंदा हे मला चौघांनी पाठवलं. पाठवणाऱ्यांचा हेतू चांगलाच, घराघरांतली भांडणं मिटावीत एवढाच. पण मजकुरातलं जवळजवळ प्रत्येक वाक्य घसरलेलं आहे. अनेकांतवाद म्हणजे वस्तूला अनेक अंगं असतात, म्हणून कुठलंही विधान कोणत्या बाजूने ते सांगून करावं, हा जैन विचार.

आधी हत्ती. ही गोष्ट बौद्धांच्या ‘उदान’ या पाली ग्रंथात आहे, आणि तिथे ती बुद्ध सांगतात. श्रावस्तीचा राजा नगरातले जन्मांध गोळा करतो आणि त्यांना हत्ती चाचपायला लावतो. कान हाती लागला तो म्हणतो सूप. सुळा धरलेला म्हणतो नांगराचा फाळ. अंग चाचपणाऱ्याला कणगी वाटते, पायाशी असलेल्याला खांब, पाठीवर हात फिरवणाऱ्याला उखळ, शेपटीवाल्याला मुसळ आणि गोंडा धरणाऱ्याला केरसुणी. (निम्मं घर त्या एका हत्तीत भरलंय.) मग ते गुद्द्यांवर येतात आणि राजाची करमणूक होते. ‘सगळ्यांचंच खरं’ असं त्या गोष्टीत कुणीही म्हणत नाही.

दृष्टांत जैनांनीही घेतला, पण कसा ते पाहा. दहाव्या शतकातले अमृतचंद्राचार्य ‘पुरुषार्थसिद्ध्युपाय’च्या दुसऱ्याच श्लोकात अनेकांताला वंदन करतात आणि त्याला विशेषण लावतात: ‘निषिद्धजात्यन्धसिन्धुरविधानम्’. लांबलचक समास आहे, पण फोड सोपी. जन्मांधांनी सिंधुराबद्दल, म्हणजे हत्तीबद्दल, केलेली विधानं ज्याने निषिद्ध ठरवली, तो. म्हणजे अनेकांत त्या आंधळ्यांची पाठ थोपटायला आलेला नाही, त्यांना थांबवायला आलाय. हत्ती सूप नाही. ‘कानापुरता सुपासारखा’ एवढंच तो माणूस म्हणाला असता, तर कुणी हरकत घेतली नसती.

आता ‘स्यात्’. संस्कृतचा तास आठवणाऱ्याला ते ‘असावं’सारखं वाटतं, म्हणून ‘कदाचित’ सुचतं. जैन आचार्य समंतभद्र ‘आप्तमीमांसे’त स्पष्ट सांगतात की इथे तो निपात आहे, म्हणजे क्रियापद नव्हे, रूप न बदलणारा शब्द. त्याचा अर्थ ‘कथंचित्’, अमुक एका अपेक्षेने, म्हणजे अमुक एका बाजूने पाहता. शिवाय पूर्ण वाक्य बघा: ‘स्यादस्त्येव घटः’. त्यातला ‘एव’ म्हणजे आपला ‘च’. घडा आहेच. ‘कदाचित आहेच’ असं कोण बोलतं?

हा ‘च’ फुकट मिळत नाही. मल्लिषेणसूरींच्या ‘स्याद्वादमंजरी’त (१२९२) घड्याचं उदाहरण आहे. तो मातीचा म्हणून आहे, पाण्याचा म्हणून नाही. पाटलिपुत्रातला म्हणून आहे, कान्यकुब्जातला म्हणून नाही. शिशिरातला आहे, वसंतातला नाही. सावळा आहे, लाल नाही. द्रव्य, क्षेत्र (जागा), काळ, भाव (गुण): या चार अपेक्षा सांगितल्या की मगच ‘च’. सातबाऱ्यावर गाव, गट नंबर, क्षेत्र आणि खातेदार लागल्याशिवाय ‘जमीन माझी’ म्हणण्याला किंमत नसते, तसलाच हा प्रकार. ‘कदाचित माझी’ असं सातबारा म्हणत नाही.

गंमत म्हणजे एकाच वस्तूत ‘आहे’ आणि ‘नाही’ एकत्र कसे नांदतील, सगळंच अनिश्चित होईल, हा आक्षेप शंकराचार्यांनी ब्रह्मसूत्राच्या ‘नैकस्मिन्नसम्भवात्’ या सूत्रावर लिहिताना घेतला होता. जैनांचं उत्तर असं की एकाच अपेक्षेने दोन्ही आहेत, असं म्हणतंय कोण? प्रतिपक्षाने केलेला जो आरोप जैन आचार्यांनी शतकानुशतकं खोडून काढला, तोच आपण आता शिकवण म्हणून हात जोडून पुढे पाठवतोय.

आणि कुणालाच चूक म्हणत नाहीत? ‘स्याद्वादमंजरी’ हे ज्यावरचं भाष्य आहे त्या हेमचंद्राचार्यांच्या बत्तीस श्लोकांचं नावच ‘अन्ययोगव्यवच्छेद’ आहे, म्हणजे इतरांच्या मतांचं खंडन. वैशेषिक, मीमांसक, वेदांती, सांख्य, बौद्ध, चार्वाक, एकही सुटत नाही. जैनांच्या स्वतःच्या घरातही तेच. ११२५च्या सुमारास पाटणला सिद्धराज जयसिंहाच्या दरबारात श्वेतांबर वादिदेवसूरी आणि दिगंबर कुमुदचंद्र यांचा जाहीर वाद झाला. अनेकांतवादाला ‘बौद्धिक अहिंसा’ म्हणण्याची रीत बरीच अलीकडची. पुण्याच्या भांडारकर संस्थेने १९३३ साली ‘स्याद्वादमंजरी’ छापली, तिच्या आनंदशंकर ध्रुवांनी लिहिलेल्या प्रस्तावनेत ती मांडणी आहे.

यात उदारपणा नाही असं मात्र मी म्हणणार नाही. जैन आचार्य हरिभद्रसूरी लिहितात, ‘पक्षपातो न मे वीरे न द्वेषः कपिलादिषु’. महावीरांकडे माझा ओढा नाही, कपिल (सांख्यांचे आद्य आचार्य) वगैरेंचा द्वेष नाही. लोक इथे थांबतात. पुढची ओळ सांगते की ज्याचं बोलणं युक्तीला धरून असेल, त्याचं घ्यावं. म्हणजे निवडायचं आहेच.

आइन्स्टाइनचं पटकन उरकतो. १९०५च्या त्याच्या सापेक्षता सिद्धांताचा पायाच मुळी असा की प्रकाशाचा निर्वातातला वेग एकसमान गतीने जाणाऱ्या प्रत्येक निरीक्षकाला सारखाच मिळतो. ‘ज्याचं त्याचं सत्य’ म्हणणाऱ्यांनी याला साक्षीला बोलवावं, हे नवल. संख्याशास्त्रज्ञ महालनोबिस आणि जीवशास्त्रज्ञ हाल्डेन यांनी १९५०च्या दशकात स्याद्वादावर, म्हणजे ‘स्यात्’ लावून बोलण्याच्या या रीतीवर, आस्थेने लिहिलं, आणि ते वाचण्यासारखं आहे. पण साम्य दाखवणं वेगळं आणि सिद्ध करणं वेगळं.

राहिला तो आकडा. हेमचंद्र तीन पायऱ्या सांगतात: ‘सदेव’ (आहेच), ‘सत्’ (आहे), ‘स्यात्सत्’ (अमुक अपेक्षेने आहे). ‘सहाच, दुसरं काही असूच शकत नाही’ हा दुर्नय, म्हणजे चुकीची एकांगी दृष्टी. ‘सहा आहे’ हा नय, म्हणजे एका बाजूची दृष्टी. ‘या बाजूने सहाच’ हे प्रमाण, म्हणजे पूर्ण ज्ञान. चित्रातली दोन्ही माणसं पहिल्याच पायरीवर उभी आहेत आणि मजकूर त्यांना तिथेच शाबासकी देतो. हाऊजीच्या सोंगटीवर सहाच्या आणि नऊच्या खाली रेघ असते, ती कशाला असते हे शेंबड्या पोरालाही कळतं.

‘भगवतीसूत्र’ या जैन आगमात कौशांबीची जयंती, उदयन राजाची आत्या, महावीरांना विचारते: झोपलेलं बरं की जागं? दोन्ही बरं, असं म्हणून ते मोकळे होत नाहीत. अधर्माने वागणारे झोपलेले बरे, तेवढा वेळ इतर जीवांचा त्रास वाचतो. धर्माने वागणारे जागे बरे. मग ती विचारते, सबळ असणं बरं की दुबळं? उद्योगी बरं की आळशी? आणि दर वेळी उत्तर मिळतं ते कोणासाठी काय, हे वेगवेगळं करूनच.