टीव्हीवरचा व्हीलर

पुरातत्त्वज्ञ टीव्हीवर गेला की अभ्यासातून उठला, असं मानणारी विद्वान मंडळी आपल्याकडे भरपूर आहेत. मला नेमकं उलट वाटतं, आणि माझा साक्षीदार आहे मॉर्टिमर व्हीलर.

हो, तोच. 1944 ते 1948 आपल्या पुरातत्त्व खात्याचा महासंचालक. युद्धावरून थेट इथे आलेला ब्रिगेडियर, झुपकेदार मिशांचा, हुकूम सोडणारा. जागेवर चौकोन आखायचे, दोन चौकोनांमध्ये मातीची भिंत न खणता उभी ठेवायची, म्हणजे कुठलं खापर कुठल्या थरातलं ते त्या भिंतीवर वाचता येतं. ही शिस्त त्याने इथल्या पोरांच्या अंगात मुरवली. आपले पुरातत्त्वज्ञ हसमुख सांकळिया तर त्याआधीच इंग्लंडमध्ये मेडन कॅसल या प्राचीन टेकडी-किल्ल्याच्या उत्खननात त्याच्या हाताखाली शिकले होते. पुढे डेक्कन कॉलेजात त्यांनी पिढ्या घडवल्या.

तर हा गृहस्थ परत गेला आणि बीबीसीवर स्टार झाला. 'ॲनिमल, व्हेजिटेबल, मिनरल?' हा कार्यक्रम 1952 साली सुरू झाला. एखादं म्युझियम आपल्या कपाटातली अडनिडी वस्तू पाठवणार, तज्ज्ञांनी ती हातात फिरवून सांगायचं: काय आहे, कुठली, किती जुनी. बस्स, एवढंच! सूत्रसंचालक ग्लिन डॅनियल, तोही पुरातत्त्वज्ञच. 1954 साली व्हीलर तिथे टीव्हीवरचं वर्षातलं व्यक्तिमत्त्व ठरला, पुढच्या वर्षी डॅनियल. नट नाही, गायक नाही, खापरं बघणारी माणसं!

याच जोडीने एकदा डेन्मार्कच्या दलदलीत सापडलेल्या टोलुंड मानवाचं शेवटचं जेवण कॅमेऱ्यासमोर खाल्लं. दोन हजारांहून जास्त वर्षं जुना मृतदेह, पण पोटातलं अन्न शाबूत. त्यावरून सातू, जवस आणि तणाच्या बिया घालून पेज शिजवली. दोघांनी तोंडं वाकडी करत ती गिळली आणि वर शिंगातून दारू प्यायले. तमाशा? असेल. पण माणसाच्या पोटातून इतिहास कसा काढतात हे त्या रात्री लोकांना कळलं, ते कुठल्या शोधनिबंधाने कळलं असतं?

आता गंमत बघा. व्हीलरच्या मोठ्या चुका टीव्हीवर झाल्याच नाहीत. त्या झाल्या खणताना आणि लिहिताना. 1946 ला हडप्पात त्याला तटबंदी दिसली. मोहेंजोदडोच्या गल्ल्यांतले सांगाडे आधीच सापडलेले होते, ऋग्वेदात शत्रूंची पुरं, म्हणजे किल्ले, फोडणारा इंद्र होताच. झाली गोष्ट तयार: आर्य आले, कत्तल झाली, सिंधू संस्कृती संपली. 1964 मध्ये जॉर्ज डेल्स या अमेरिकन पुरातत्त्वज्ञाने दाखवून दिलं की ते सांगाडे एका वेळचेही नाहीत, आणि जिथे लढाई व्हायला हवी त्या बालेकिल्ल्यात तर एकही नाही. तरी ती कत्तल आपल्याकडे अजून जिवंत आहे, स्पर्धा परीक्षांच्या गाइडात आणि व्हॉट्सॲपवर. मेडन कॅसलचंही तेच. रोमन हल्ल्यात पडलेल्यांची दफनभूमी म्हणून त्याने गाजवलेल्या जागेतले मृत्यू अलीकडच्या कार्बन तपासणीत कित्येक दशकांत विखुरलेले निघाले.

गोष्ट रंगवायची खोड दोन्हीकडे एकच. पण टीव्हीवर म्युझियमचं उत्तर पुढच्याच मिनिटाला यायचं, आणि चुकला तर घराघरांतले लोक हसायचे. महासंचालकाला कोण हसणार?

म्हणून मला आपल्या वाहिन्यांवरच्या मशाली, गुहा आणि 'शास्त्रज्ञही चक्रावले'चा कंटाळा येतो. चक्रावलेला शास्त्रज्ञ दाखवा ना मग! घोड नदीकाठचं इनामगाव घ्या, शिरूर तालुक्यातलं. सांकळिया, ढवळीकर आणि मंडळींनी 1968 पासून ते खणलं. तीन हजार वर्षांपूर्वी तिथे माणसं घरातच पुरायचे, प्रौढांचे पाय घोट्याखाली तोडून. मेलेला पळून जाऊ नये म्हणून, असं एक मत. पण एक जण सापडला तो चार पायांच्या मातीच्या रांजणात मांडी घालून बसवलेला, पाय शाबूत! कोण हा? गावचा मुखिया? मग त्याच्या पळून जाण्याची भीती नव्हती का?

त्या रांजणाची प्रतिकृती टेबलावर ठेवा, तीन पुरातत्त्वज्ञ बसवा आणि भांडू द्या तासभर. पार्श्वसंगीत नको. आणि पॅनलवर एलियनवाला बाबा नको, बाकी माझी काही अट नाही.